फुलोऱ्यात सोडलेलं पाणी

निशि-कासाई, एदोगावा, तोक्यो
नोव्हेंबरचा शेवटचा रविवार

प्रिय नयना,

अक्षर ओळखलंस ना? कागदावर मराठी लिहून इतकी वर्षं झाली की पहिल्याच शब्दात 'क्ष' काढताना हात अडखळला. हे सगळं व्हॉट्सअॅपवरही लिहिता आलं असतं, पण तिथे तू निळ्या खुणा दाखवून गप्प बसतेस. आणि परवा फोनवर तू बोलत होतीस तेव्हा मीच गप्प बसले. फोन ठेवल्यावर काय काय बोलायला हवं होतं ते सुचत गेलं. भांडी घासताना, सायकलवरून स्टेशनला जाताना, ऑफिसात मीटिंग चालू असताना. म्हणून आज सकाळी कोपऱ्यावरच्या कोनबिनीतून, म्हणजे चोवीस तास उघड्या दुकानातून, हे कागद आणले आणि बसले. राधिका शेजारी गृहपाठ करते आहे. एवढं लांबलचक कुणाला लिहितेस, म्हणून तिने विचारलं. नयनामावशीला, म्हटलं. त्यावर जपानीत म्हणाली, मग मेल कर की.

आधी घरच्या बातम्या, म्हणजे तुझा जीव भांड्यात पडेल. अंबरीषच्या बँकेने त्याची इथली मुदत आणखी दोन वर्षांनी वाढवली. राधिका तिसरीत गेली. मराठी तिला सगळं समजतं, पण उत्तर जपानीत येतं. आईशी व्हिडिओ कॉलवर मात्र 'हो आजी' आणि 'नाही आजी' एवढं अगदी खणखणीत म्हणते. बाल्कनीतल्या कुंडीत मेथी लावली होती, ती यंदाच्या उन्हाने जळून गेली. इथला उन्हाळा फार वाईट गेला, आणि तुला जे सांगायचंय ते त्या उन्हाळ्याचंच आहे.

तोयोसूच्या ऑफिसात मी काय करते ते तुला ठाऊक आहे. पाऊस किती पडेल त्यावरून धरणात किती पाणी येईल, याचा अंदाज देणारं सॉफ्टवेअर आम्ही लिहितो. आजवर हे काम मी उंच इमारतीत, एसीत, समोरची खाडी बघत केलं. या वर्षी कंपनीने मला एप्रिलपासून आठवड्यातले तीन-चार दिवस उत्तरेकडच्या डोंगरातल्या एका धरणावर बसवलं. कामिनोसे त्याचं नाव. आधी शिनकानसेन, म्हणजे बुलेट ट्रेन, मग एकाच डब्याची गाडी, पुढे धरणाच्या ऑफिसची मोटार. इकडे अंबरीषने घर सांभाळलं. जळणारा कचरा कोणत्या दिवशी आणि प्लास्टिकचा कोणत्या दिवशी, हे त्याला इतक्या वर्षांत पहिल्यांदा पाठ झालं.

कामिनोसे बघून तू हसली असतीस. आपल्या आंबेखोऱ्याच्या धरणाचा धाकटा भाऊच. तशीच काँक्रीटची भिंत, मधोमध सांडव्याचे दरवाजे, पायथ्याशी वीजगृह, आणि वीजगृहातून बाहेर पडलेलं पाणी उजव्या कालव्याने खाली भातशेतीला. शिवाय वादळं येतात तेव्हा पूर अडवायला धरणात जागा लागते, ती वेगळीच. एका पाण्याचे तीन मालक, आणि तिघांनाही ते आपापल्या वेळेला हवं. हे वाक्य माझं नाही, तुझ्या बाबांचं. आपल्या धरणाच्या कॉलनीत कुणाकडे पाहुणा आला की धरण सांभाळणारे नंदूकाका त्याला धरणाच्या माथ्यावर उभं करून सांगायचे: शेतकऱ्याला ते उन्हाळ्यात हवं, वीजवाल्याला संध्याकाळी हवं, आणि नदीकाठच्या माणसाला ते दारात नकोच. पाहुणे हसायचे. काकाही हसायचे तेव्हा.

पहिल्याच आठवड्यात मला भिंतीच्या पोटातल्या गॅलरीत नेलं. आठवतं, मे महिन्यात बाहेर रस्त्यावरचं डांबर पातळ व्हायचं आणि काका आपल्या दोघींना खाली गॅलरीत घेऊन जायचे? स्वेटर घाला म्हणायचे आणि आपल्याला ती थट्टा वाटायची. तू भिंतीला गाल लावून उभी राहायचीस. पलीकडे सगळं धरणाचं पाणी आहे, या विचाराने मी मात्र मधोमध चालायचे. कामिनोसेच्या गॅलरीत मी मागे राहिले आणि हळूच भिंतीला गाल लावला. बरोबरच्या मुलीने ते पाहिलं आणि बरं वाटत नाही का, म्हणून फार काळजीने विचारलं. मी काय सांगणार तिला!

धरणाचे प्रमुख होरिउची-सान, 'सान' म्हणजे आपलं 'साहेब'. पन्नाशी उलटलेले, किरकोळ अंगाचे, सतत तोंडात पुदिन्याची गोळी. घाबरट माणूस, असं माझं पहिल्याच महिन्यात मत झालं. विसर्ग सोडायच्या आधी नदीकाठी भोंगा वाजतो ना, त्या भोंग्याआधी त्यांचं पोट बिघडतं. हे त्यांनीच मला सांगितलं, आपण कुणाला आपली रास सांगतो तसं, सहज. इतकी वर्षं झाली, पण दरवाजा उचलायच्या आधी मला संडासात जाऊन यावं लागतं, म्हणाले. मला वाटलं, अशा माणसाला या खुर्चीवर बसवलं कुणी?

ऑगस्टमध्ये वादळ आलं. जुलै कोरडा गेला होता, डोंगरातून आवक जवळजवळ थांबली होती, तरी बर्फाचं आणि जूनच्या पावसाचं पाणी साठवलेलं असल्यामुळे धरण पाऊण भरलेलं होतं. खाली भात फुलोऱ्यात आलं होतं. तुला सांगायला नको, फुलोऱ्यात भाताला पाणी कमी पडलं तर लोंब्या दिसायला येतात आणि आत दाणा भरत नाही. आणि नेमक्या त्या वेळी दक्षिणेकडून मोठं वादळ सरळ आमच्या डोंगराच्या रोखाने निघालं. इथे आता अशी पद्धत आहे की मोठा पाऊस येणार असं दिसलं तर शेतीचं आणि विजेचं राखलेलं पाणीसुद्धा दोन-तीन दिवस आधीच हळूहळू सोडून द्यायचं, म्हणजे पुराला धरणात जागा होते. काही वर्षांपूर्वी कामिनोसेच्या खालच्या गावात पाणी शिरलं होतं. तिथे एक वृद्धाश्रम आहे, त्यातल्या म्हाताऱ्या माणसांना पहिल्या मजल्यावर उचलून न्यावं लागलं. ते कुणी विसरलेलं नाही. पण पाणी सोडलं आणि पाऊस आलाच नाही, तर फुलोऱ्यातल्या भाताला द्यायला धरणात काय उरतं, हेही सगळ्यांना कळत होतं.

म्हणून बैठक झाली. शेतकऱ्यांची आपल्याकडच्या पाणी वापर संस्थेसारखी संस्था आहे, तिच्या ऑफिसात. वीज कंपनीचा एक तरुण अधिकारी, गावच्या नगरपालिकेची माणसं, संस्थेची जाणती मंडळी, आणि मी लॅपटॉप घेऊन. संस्थेचे अध्यक्ष ओकाबे-सान ऐंशीच्या घरातले आहेत. कानाला यंत्र, पण बोलणाऱ्याच्या तोंडाकडे असं बघतात की उगाच काही बोलायची सोय नाही. मी पडद्यावर पावसाचे नकाशे दाखवले. सगळं दाखवून झाल्यावर त्यांनी सरळ विचारलं, पाऊस पडणार की नाही ते सांगा. मी म्हटलं, अशी दहा वादळं आली तर त्यातली सात मोठा पाऊस पाडतील.

"आणि बाकीची तीन?" त्यांनी विचारलं.

माझ्याकडे उत्तर होतं, म्हणजे टक्केवारीत होतं. ते त्या खोलीत उच्चारायची मला लाज वाटली. तेवढ्यात होरिउची-सान उठून उभे राहिले. तोंडातली गोळी त्यांनी गालात सरकवली आणि म्हणाले, "बाकीची तीन माझ्याकडे. तेव्हा माझ्याकडे या, मी इथेच असेन."

नयना, मी पुष्कळ बैठका पाहिल्या आहेत. कुणाच्या अंगावर काय येणार नाही, हे ठरवण्यातच बैठकीचा अर्धा वेळ जातो, इथेही आणि तिथेही. ओकाबे-साननी दोन्ही बाजूंना बघितलं आणि मान डोलावली. पाणी सोडायचं ठरलं.

त्या दुपारी मी इशारा देणाऱ्या गाडीतून नदीकाठाने गेले. मासे धरायला कंबरभर पाण्यात उभी असलेली माणसं, एक म्हातारं जोडपं, खडकावर पाय सोडून बसलेल्या शाळकरी मुली. एकेकाला काठावर यायला सांगत सांगत गाडी खाली जाते. आणि मग भोंगा. मी इतकी वर्षं तो आवाज ऐकला नव्हता. आपल्याकडे तो साधाच वाटायचा. तुझी आई त्यावर कुकर लावायची. त्या एका श्रावणानंतर मात्र भोंगा झाला की तू वर्गात कानांवर हात ठेवायचीस आणि बाई तुला काही म्हणायच्या नाहीत. मी गाडीत बसल्या बसल्या कानांवर हात ठेवला. ड्रायव्हरने काच वर केली.

पाणी गेलं. धरण खाली खाली गेलं आणि काठाची उघडी तांबडी माती दिसायला लागली. आणि वादळ तोक्योच्या दक्षिणेला आल्यावर वळलं आणि समुद्रात निघून गेलं. आमच्या डोंगरात वारा आला, झाडं हलली, दोन सरी पडल्या, आणि दुसऱ्या दिवशी इतकं स्वच्छ ऊन पडलं की मला त्या उन्हाकडे बघवेना. मी खुर्चीत बसून होते. माझा आकडा चुकला असं कुणी म्हणू शकलं नसतं. दहातली तीन म्हणजे काय, ते त्या दिवशी कळलं एवढंच.

होरिउची-साननी धुतलेला शर्ट घातला आणि संस्थेत जायला निघाले. तुम्ही यायची गरज नाही, मला म्हणाले. मी गेले. वाटेत त्यांनी एका कोनबिनीपाशी गाडी थांबवली, आत संडासात जाऊन आले, पुदिन्याच्या गोळ्या घेतल्या आणि पुन्हा गाडी चालवायला लागले. हॉल भरलेला होता. त्यांनी कमरेतून वाकून नमस्कार केला आणि एवढंच बोलले की पाणी सोडायचं मी ठरवलं, पाऊस आला नाही, तुमच्या भाताची वेळ मला माहीत होती. माझ्या अंदाजाचं, सॉफ्टवेअरचं, सरकारी नियमाचं नावही त्यांनी काढलं नाही.

मला वाटलं होतं, जपानी लोक आहेत, वाकतील आणि गप्प बसतील. तसं झालं नाही. नोमुरा नावाचे एक शेतकरी उठले. त्यांची शेतं कालव्याच्या अगदी शेपटाला आहेत, पाणी सगळ्यांत शेवटी पोहोचतं तिथे. "माझं भात आज फुललंय," ते म्हणाले. "तुमच्या माफीने ते भिजणार आहे का?" आणि ते निघून गेले. आणखी दोघं-तिघं बोलले. एक जण माझ्याकडे बोट करून म्हणाला की कॉम्प्युटरला न विचारता माझ्या बापाने जन्मभर भात पिकवलं. होरिउची-सान उभेच होते. प्रत्येकाचं बोलणं संपेपर्यंत बघत होते, मधे बोलत नव्हते. मला तिथून पळून जावंसं वाटत होतं, आणि त्या माणसालाही वाटत असणार.

सगळ्यांचं झाल्यावर ओकाबे-सान म्हणाले, "बोलून झालं असेल तर कालव्याचा नकाशा काढा."

मग दुपारभर ते सगळे नकाशावर वाकून बसले. त्यांच्यात पूर्वी दुष्काळात पाळ्या लावायची रीत होती, आपल्या पाणीपाळीसारखीच, पण बारीक: या बांधाला इतका वेळ, मग फळी लावून पाणी अडवायचं, मग पुढचा बांध. बऱ्याच जणांनी ती लहानपणी पाहिली होती, केली कुणी नव्हती. ओकाबे-साननी सुरुवात शेपटाकडून करायला लावली, म्हणजे नोमुरांच्या शेतापासून. वरच्या बाजूच्यांनी कुरकुर केली, पण केलं. वीज कंपनीचा तो तरुण बाहेरच्या व्हरांड्यात जाऊन साहेबांना फोन करत राहिला. शेवटी आत येऊन म्हणाला की संध्याकाळी वीज जास्त लागते म्हणून आम्ही तेव्हा पाणी सोडतो, पण पाळ्या संपेपर्यंत कालव्याला लागेल त्या वेळी सोडू. पहाटे सोडलं तर उन्हाने कमी उडेल. एकाच धारेतून वीजही होईल आणि शेतही भिजेल, फक्त वेळ शेताची.

त्यानंतर दोन आठवडे धरणाच्या ऑफिसातला प्रत्येक माणूस पहाटे कालव्यावर होता. होरिउची-सान गुडघ्यापर्यंत बूट चढवून फळ्या काढत होते, लावत होते. मीही. इथे ओबोनच्या, म्हणजे पितरांच्या सणाच्या, सुट्ट्या होत्या. आम्ही त्सुकुबाला अंबरीषच्या मित्राकडे जाणार होतो, ते रद्द केलं. अंबरीष म्हणाला, राहा तू, मी पोरीला घेऊन जातो. माझ्या लॅपटॉपवर कालवा म्हणजे एक निळी रेघ होती. त्यात कुठल्या वळणावर गवत अडतं, कुठल्या पुलाखाली मुलांनी दगड टाकलेत, कुणाचा बांध फुटका आहे, हे मला तेव्हा कळलं. मला जळू लागली. बेडूक बुटात शिरला. आणि नयना, तू हसशील, पण मी तिथे रोज पहाटे गुणगुणत होते. भीती गेली नव्हती. एवढी माणसं आजूबाजूला असताना ती फार वेळ टिकत नव्हती, एवढंच.

सगळं भात वाचलं, असं मी तुला लिहिणार नाही. बरंचसं वाचलं. नोमुरा-सान यांच्या दोन शेतांत मात्र पाणी पोहोचायला उशीर झालाच होता. सप्टेंबरमध्ये तिथल्या लोंब्या हातात घेतल्या तर हलक्या लागायच्या. होरिउची-सान त्यांच्या बांधावर गेले, तर नोमुरा-सान विळा घेऊन दुसऱ्या टोकाला निघून गेले. ते पुन्हा गेले. तिसऱ्यांदा मी विचारलं की कशाला जाता. म्हणाले, मी इथेच असेन असं म्हटलं होतं ना.

कापणी जवळ आली तेव्हा दुसरं वादळ आलं, आणि हे वळलं नाही. डोंगरात दोन दिवस धो धो पाऊस झाला. धरण इतकं रिकामं होतं की आलेलं सगळं पाणी त्यात मावलं. दरवाजाला हातही लावावा लागला नाही. खालच्या गावात वृद्धाश्रमासमोरचा रस्तासुद्धा बुडाला नाही. मी आनंदाने होरिउची-सानना म्हटलं, बघा, तुमचा निर्णय बरोबर ठरला. त्यांनी नकारार्थी मान हलवली. म्हणाले, हे नशीब. ऑगस्टचा निर्णय ऑगस्टमध्ये जे दिसत होतं त्यावरून घेतला, तो याने बरोबर ठरत नाही आणि त्या वेळी पाऊस न आल्याने चूकही ठरला नव्हता. दुसऱ्या दिवशी मी गावातल्या सुपरमार्केटात गेले तर सगळे न आलेल्या पुराबद्दल नव्हे, अंड्यांच्या भावाबद्दल बोलत होते.

त्याच संध्याकाळी नोमुरा-सान आपला छोटा ट्रक घेऊन धरणावर आले. माथ्यावर आमच्याजवळ येऊन उभे राहिले आणि भरलेल्या पाण्याकडे बघत राहिले. मग म्हणाले, पुढच्या वर्षीच्या बैठकीला शेपटाकडच्यांनाही बोलवा. निर्णय झाल्यावर कळण्यापेक्षा होताना कळू दे. होरिउची-सान 'हो' म्हणाले. आता तसं ठरलं आहे. पुढच्या उन्हाळ्यापासून बैठकीत शेपटाकडच्या दोन खुर्च्या असतील.

आता शेवटचं सांगते. या महिन्याच्या सुरुवातीला सुट्टी होती, तेव्हा मी अंबरीष आणि राधिकाला कामिनोसे दाखवायला नेलं. धरणाशेजारच्या उपाहारगृहात 'धरण करी' मिळते. खोटं नाही सांगत, भाताची भिंत करतात, एका बाजूला करीचा जलाशय, आणि भातात खोचलेला सॉसेज म्हणजे दरवाजा. तो ओढला की करी खाली वाहते. राधिकाने जोरात ओढला आणि टेबलावर पूर आला. होरिउची-सान आमच्या बरोबर जेवायला बसले होते. ते अगदी गंभीरपणे तिला म्हणाले, आधी भोंगा वाजवायचा, मग दरवाजा थोडा थोडा. राधिकाने तोंडाने भोंगा वाजवला. सगळे हसले. मी हसता हसता रडायला लागले, आणि मग मला सांगावंच लागलं.

मी त्यांना आंबेखोऱ्याचं सांगितलं. आपल्या कॉलनीचं, काकांचं, त्या श्रावणातल्या दुपारचं. धरण भरत आलं होतं आणि वर डोंगरात पाऊस थांबत नव्हता, तेव्हा दरवाजे उचलायची परवानगी मागत काका सकाळपासून फोनपाशी बसले होते. वरून उत्तर येत होतं की नियमाप्रमाणे पंधरा ऑगस्टपर्यंत धरण पूर्ण भरायचं आहे, थांबा. शेवटी परवानगी आली तेव्हा सगळे दरवाजे एकदम उचलावे लागले. नदीकाठच्या वाडीत पाणी शिरलं, दोन माणसं गेली. चौकशीत काकांवर ठपका आला नाही. तरी त्यांनी लवकर निवृत्ती घेतली, आणि नाशिकच्या घरात पावसाळ्यात बातम्या लावू द्यायचे नाहीत, ते शेवटपर्यंत. हे सगळं तुला काय सांगायचं. पण मी कधी कुणाला सांगितलं नव्हतं, नयना. तुझ्याशीही आपण ते कधी बोललो नाही.

होरिउची-साननी सगळं ऐकलं. दरवाजे किती होते, विसर्ग किती होता, असं काहीतरी विचारतील असं मला वाटलं. त्यांनी एकच विचारलं. "त्या दिवशी त्यांच्याजवळ कोण होतं?"

मी आठवत राहिले. कंट्रोल रूम आमच्या क्वार्टरच्या खिडकीतून दिसायची. माझे बाबा, तुला माहीत आहे, त्याच ऑफिसात लेखापाल होते. ते घरी होते, खिडकीशी उभे होते. शेजारचे साहेब घरी होते. नदीकाठच्या वाडीतल्या, कालव्यावरच्या कुणालाही कुणी बोलावलं नव्हतं. काका आणि एक काळा फोन. मी म्हटलं, कुणीच नव्हतं. होरिउची-सान प्लेटकडे बघत म्हणाले, तसा एकटा असतो तर मी ऑगस्टमध्ये दरवाजा उचलू शकलो नसतो.

म्हणून हे पत्र. परवा तू सांगितलंस की तुझी आंबेखोरे धरणावर बदली झाली आहे, तेही काकांच्याच खुर्चीवर, जानेवारीत रुजू व्हायचंय, आणि त्याआधी तू ऑर्डर रद्द करून घेणार आहेस. इतकी वर्षं पाटबंधारे खात्यात इंजिनिअर असून तू संकल्पचित्र विभागात आराखडे काढत राहिलीस, कालव्यांवर राहिलीस, दरवाजे असतील तिथे कधी गेली नाहीस, ते मला कळतं. फोनवर तू म्हणालीस, मला भीती वाटते, आणि मी काही बोलले नाही, कारण भिणाऱ्या माणसाने तिथे जाऊ नये असंच मलाही उन्हाळ्यापर्यंत वाटायचं. आता वाटत नाही. तू जा. रद्द करू नकोस. पावसाळ्याची वाट न बघता बैठक बोलाव. नदीकाठच्या वाडीतली माणसं, कालव्याच्या शेपटाकडची माणसं, वीजगृहाचे, तहसीलदार, सगळे एका खोलीत. त्या वाडीत काकांची मुलगी म्हणून जाणं सोपं नसेल. कुणी नोमुरा-सानसारखं उठून जाईल. तू पुन्हा जा. मी मे महिन्यातली तिकिटं काल काढली, राधिकाची आणि माझी. आम्ही पुण्याला नुसतं आईला भेटू आणि महिनाभर कॉलनीत तुझ्या क्वार्टरमध्ये राहू. पहिली बैठक तेव्हाच ठेव. मला बोलायला सांगू नकोस, आकडे कुणी विचारले तर सांगेन. एरवी मी मागच्या रांगेत, तुला दिसेन अशी बसलेली असेन.

तुझीच, आणि या बाबतीत तुझं काहीही न ऐकणारी,
मैथिली